उलट्या क्रमाने दुर्गाबाई

दुर्गाबाई खोटे आम्हाला शेवटाकडून सुरुवातीकडे भेटत गेल्या. मुंबई-पुण्याच्या जुन्या प्रेक्षकाला त्या आधी तारामती म्हणून भेटल्या, मग राणी, मग आई, मग आजी. लातूर-नांदेडकडच्या माझ्या पिढीला त्या प्रथम दिसल्या टीव्हीवरची एक पाटी म्हणून. त्यानंतर आजी, त्यानंतर आई, आणि फार उशिरा, आम्ही पोटापाण्याला लागल्यावर, समुद्रावरच्या चाच्यांची सरदारीण. या उलट्या ओळखीचं मला पूर्वी वाईट वाटायचं. वाटायचं, आपल्याकडं सगळंच शिळं होऊन येतं. आता तसं वाटत नाही. एखादं आयुष्य मागून पुढं वाचत गेलं की पानापानाला थबकावं लागतं. ही बाई इथवर आली कशी, हे विचारल्याशिवाय पान उलटत नाही.

ती पाटी १९८८ सालची. लातूरच्या आमच्या गल्लीत टीव्ही मोजक्या घरांत होता, आणि ज्यांच्याकडे होता त्यांची बैठकीची खोली संध्याकाळी गल्लीच्या मालकीची व्हायची. एक जण माळवदावर ॲन्टेना धरून, एक जण दारात, ‘आलं का? आलं का?’ची देवाणघेवाण, आणि खाली सतरंजीवर आम्ही पोरंसोरं. ‘वागळे की दुनिया’ लागायची. आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेतला कारकून, अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर, कुंदन शाह यांचं दिग्दर्शन. गॅस, बस, साहेब, भाडं, पाहुणे. आमच्या घरी जे चालायचं तेच, फक्त हिंदीत. त्या पाट्यांमध्ये लिहिलेलं असायचं ‘दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स’. वाचता यायला लागलेलं पोर दिसेल ते मोठ्यानं वाचतं, तसं मी ते वाचलं. मागे बसलेल्या कुणीतरी सांगितलं, ‘ती बॉबीतली आजी.’

मला काही केल्या ते पटेना. आजीची कंपनी कशी असेल? आज्यांकडं चंची असते, किल्ल्यांचा जुडगा असतो. कंपनी पुरुषांची असते, आणि तीही मुंबईत. दुर्गाबाई तेव्हा ८३ वर्षांच्या होत्या हे कळायला मला बरीच वर्षं जावी लागली.

‘बॉबी’तली मिसेस ब्रगँझा मग मी नीट पाहिली. श्रीमंताघरचं मूल पोटच्या पोरासारखं वाढवणारी बाई. मूल मोठं झाल्यावर त्या घराच्या दारात उभं राहतानाही जिला आपली पायरी विसरता येत नाही अशी. १९७३च्या या चित्रपटात सगळ्यांचं लक्ष ऋषी कपूर आणि डिंपलकडं असतं, ते साहजिकच आहे. पण दुर्गाबाईंच्या चेहऱ्याकडं बघत राहिलात तर दिसेल, की मायेच्या आड त्यांनी एक अवघडलेपण सतत जागं ठेवलेलं आहे. माया सगळेच करतात. मायेत पगार मिसळलेला असतो तेव्हा डोळे जरा खाली जातात, ते त्यांना ठाऊक होतं. त्याच वर्षी ‘अभिमान’मधली मावशी. पुढच्या वर्षी ‘बिदाई’, ज्यासाठी त्यांना फिल्मफेअरचं साहाय्यक अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं. १९८०मध्ये ‘कर्ज’मधली, सुनेनं देशोधडीला लावलेली आई. सिनेमा कोणताही असो, पांढऱ्या केसांची, खानदानी, दुखावलेली बाई हवी असली की निर्माता त्यांच्याकडं जायचा. हिंदी सिनेमानं त्यांना आई करून टाकलं आणि फाइल बंद केली. असं मला तेव्हा वाटलं होतं.

ही फाइल उघडली माझ्या आत्यानं. आत्या नांदेडला वजिराबादेत राहायची. नवरा लवकर गेला, पदरी मुलं. ती सकाळी शिकवण्या घ्यायची, दुपारी शिलाई मशीनवर बसायची, संध्याकाळी पोस्टाच्या आवर्ती ठेवीचे हप्ते गोळा करत गल्ल्या फिरायची. अशा बाईला कुणी अष्टपैलू म्हणत नाही. ‘बिचारी, करते काही ना काही,’ म्हणतात. वाचनालयातून तिनं ‘मी, दुर्गा खोटे’ आणलं होतं आणि हप्तेवहीत हप्ते लिहिता लिहिता ती ते वाचत होती. हे आत्मचरित्र १९८२चं. लातूर जिल्हा उस्मानाबादेतून वेगळा झाला तेच साल, म्हणून ते माझ्या लक्षात राहतं. पुढं शांता गोखले यांनी त्याचा इंग्रजी अनुवाद केला. आत्यानं पुस्तक मिटून ठेवलं आणि मला म्हणाली, ‘बग, ह्या बाईनं कंपन्या सोडल्या, काम न्हाई सोडलं.’

दुर्गाबाईंबद्दल पुष्कळ वाचलं, पण इतकं नेमकं वाक्य मला छापलेलं कुठं सापडलं नाही. या लेखात मला जे म्हणायचं आहे तेही याच्यापलीकडं फारसं नाही.

आत्यानं ‘मुग़ल-ए-आज़म’ यात्रेतल्या तंबूत पाहिलेला होता. आमच्याकडं महाशिवरात्रीला लातूरची सिद्धेश्वराची यात्रा, तिकडं लोह्याजवळ माळेगावची खंडोबाची. जनावरांचा बाजार, तमाशे, आणि एका अंगाला तंबूतलं टॉकीज. मध्ये दोरी, गडीमाणसं एकीकडं, बायका एकीकडं, आणि मशीनचा घर्रर्र आवाज संवादांत मिसळलेला. १९६०च्या त्या चित्रपटात जोधाबाई होत्या दुर्गाबाई. लोक मधुबालेला बघून येत, पृथ्वीराज कपूरच्या गर्जनेची नक्कल करत. आत्याच्या डोक्यात राहिली होती ती जोधा. मुलगा एका बाजूला फौज घेऊन उभा, नवरा दुसऱ्या बाजूला, आणि तिनं यातला एक निवडायचा. गर्जना करणाऱ्यासमोर उभं राहणाऱ्या माणसाला आवाज चढवून चालत नाही, त्याचा आवाज त्यात बुडून जातो. दुर्गाबाई तिथं आवाज खाली आणतात आणि समोरच्याला ऐकायला भाग पाडतात.

पृथ्वीराज आणि त्या काही तेव्हा पहिल्यांदा समोरासमोर उभ्या नव्हत्या. १९३४ साली कलकत्त्यात देवकी बोस यांनी ‘सीता’ काढला. त्यात राम पृथ्वीराज, सीता दुर्गाबाई. तो व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला गेला. परदेशातल्या महोत्सवात गेलेल्या पहिल्यावहिल्या भारतीय बोलपटांत त्याची गणना होते. म्हणजे अकबर आणि जोधा यांच्या त्या महालातल्या भांडणामागं पाव शतकापूर्वीचा एक वनवास उभा होता. तंबूत बसलेल्यांपैकी कुणाला हे ठाऊक असण्याचं कारण नव्हतं. पण दोन नट एकमेकांना इतके जुने ओळखत असले की त्यांच्यामधल्या रिकाम्या जागेलाही वजन येतं, आणि ते तंबूच्या मागच्या रांगेपर्यंत पोचतं.

मधली दोन दशकं, म्हणजे १९४० ते १९६०, ही दुर्गाबाईंच्या आयुष्यातली सगळ्यात गजबजलेली वर्षं. तरी सिनेमावाले ती भरभर उरकतात, कारण त्यातला निम्मा पसारा सिनेमाबाहेरचा आहे. इप्टा या नाट्यसंघटनेत त्या होत्या. मुंबई मराठी साहित्य संघाच्या रंगभूमीवर त्या होत्या. बोलपट आला तेव्हा नाटक कंपन्यांतली माणसं रंगमंच सोडून स्टुडिओकडं धावली. दुर्गाबाई स्टुडिओत नाव कमावून मग रंगमंचावर आल्या, रिटेक नसलेल्या जागी. खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’त त्या आनंदीबाई झाल्या. समोर राघोबा म्हणून नानासाहेब फाटक. शिरवाडकरांच्या ‘राजमुकुट’मध्ये, म्हणजे मराठी मॅकबेथमध्ये, नवऱ्याला खुनाकडं ढकलणारी बाई त्याच झाल्या. पडद्यावर त्यांना सोशीक आया मिळत होत्या त्याच काळात रंगमंचावर त्या सत्तेसाठी हात रंगवणाऱ्या बायका करत होत्या. सिनेमानं जे दिलं नाही ते त्यांनी नाटकात जाऊन घेतलं. १९५८ला संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला, आणि १९६१ला दिल्लीच्या मराठी नाट्यसंमेलनाचं अध्यक्षपदही मिळालं. त्यांच्या धाकट्या मुलाची, हरिन यांची, पत्नी म्हणजे विजया खोटे, पुढच्या विजया मेहता. ‘रंगायन’चा सगळा इतिहास ज्या नावाभोवती फिरतो ते नाव एकेकाळी या घरातलं होतं.

याच पन्नाशीच्या दशकात त्यांनी ‘फॅक्ट फिल्म्स’ काढली. माहितीपट, लघुपट, जाहिरातपट. पुढं तिचंच ‘दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स’ झालं, आणि त्याच फाट्यावरून चालत ती पाटी १९८८ला आमच्या गल्लीत पोचली. सिनेमातल्या नटीचं वय झालं की तिच्यापुढं दोनच वाटा असतात असं आपण धरून चालतो: विस्मृती किंवा आईच्या भूमिका. त्यांनी आईच्या भूमिका घेतल्या, आणि शेजारी एक कचेरीही उघडली. तिथं साबणाच्या आणि तेलाच्या जगाचे हिशोब होत असणार, कॅमेऱ्याची भाडी, कच्च्या फिल्मची बिलं. त्याला झगमग नसते. पण अशा कचेरीच्या जिवावरच माणूस ‘ही भूमिका मला नको’ म्हणू शकतो.

निर्मितीत हात त्यांनी त्याआधीच, १९३८ साली, मारून बघितला होता. मराठीत ‘सवंगडी’, हिंदीत ‘साथी’. भारतात तेव्हा चित्रपट काढणाऱ्या स्त्रिया बोटांवर मोजण्याइतक्या. जगाकडं पाहिलं तरी चित्र फार वेगळं नव्हतं. जपानमध्ये किनुयो तानाका ही नटी १९३१ साली त्या देशाच्या पहिल्या यशस्वी बोलपटात होती, म्हणजे दुर्गाबाईंच्या अगदी जोडीची. तिला दिग्दर्शकाच्या खुर्चीवर बसायला १९५३ उजाडलं. तिच्याआधी ताझुको साकाने हिनं १९३६ला एक कथापट केला होता. ती जपानची पहिली स्त्री-दिग्दर्शक. महायुद्धानंतर मायदेशी परतली तेव्हा पदवी नाही म्हणून तिला दिग्दर्शन नाकारलं गेलं, आणि ज्या स्टुडिओंत तिनं उमेद घालवली तिथंच दुसऱ्यांच्या चित्रपटांची टिपणं ठेवायचं काम तिच्या वाट्याला आलं. दुर्गाबाईंचं हेही एक वेगळेपण. त्या कुणाच्या दारात परवानगी मागायला थांबल्या नाहीत. प्रभात फिल्म कंपनीशी नातं उत्तम असतानाही त्या एका कंपनीच्या पगारी नोकर झाल्या नाहीत. कोल्हापूर, कलकत्ता, पुणे, मुंबई, जिथं काम तिथं त्या. सगळे नट महिन्याच्या पगारावर एकेका स्टुडिओला बांधलेले होते त्या काळात. त्यावर टीकाही झाली असेल, पण टीकेनं घरभाडं भागत नाही.

आता सौदामिनी. उलट चालत आलं की ही सगळ्यात शेवटच्या काही दारांपैकी एका दारामागं उभी असते. आधी जोधा, ब्रगँझा आणि ‘कर्ज’मधली आई पाहून आलेल्या माणसाला तिथं धक्का बसतो.

‘अमर ज्योती’, १९३६. प्रभात, पुणे. दिग्दर्शक शांताराम, कथा के. नारायण काळे यांची. सौदामिनी नवऱ्यापासून वेगळी झालेली बाई आहे, आणि तिचं मागणं एकच आहे: मूल मला द्या. राज्याचा न्यायमंत्री दुर्जय तिला सांगतो की कायद्यानं बायको नवऱ्याची दासी, तिचा मुलावर हक्क नाही. दुर्जय झाला आहे चंद्रमोहन, त्याच्या त्या विख्यात डोळ्यांसह. सौदामिनी दरबारातून निघते ती थेट समुद्रावर जाते. चाच्यांची टोळी उभी करते, राजघराण्याचं जहाज लुटते, दुर्जयला पकडते आणि त्याचा पाय तोडते. कायदा सांगणाऱ्याचा पाय. १९३६ साली, मराठी माणसांनी काढलेल्या चित्रपटात.

मी हा चित्रपट नांदेडला, रात्री, घरातल्या संगणकावर पाहिला. चित्र खरवडलेलं, आवाज मधूनच डब्यातून आल्यासारखा. पण जहाजावर दुर्गाबाई उभ्या राहिल्या की पाठीचा कणा आपोआप ताठ होतो. ३१ वर्षांची बाई. हनुवटी किंचित वर, शब्द सुटे आणि स्वच्छ, शेवटचं अक्षर कधीही न गिळलेलं. हातवारे अगदी कमी. त्या काळचे नट हातांनी बोलत, ही बाई उभं राहण्यानं बोलते. सूडाची भाषणं तिच्या तोंडी आहेत आणि ती पुस्तकी आहेत हे खरं. पण बोलून झाल्यावर एखादा क्षण ती गप्प राहते तेव्हा भाषणात नसलेलं मूल चेहऱ्यावर येऊन जातं. मला वाटतं, पुढं चाळीस वर्षं ती ज्या शेकडो लेकरांची आई झाली त्यांतलं पहिलं हेच, कायद्यानं काढून घेतलेलं. ‘सोशीक आई’ हा शिक्का ज्यांनी मारला त्यांनी हिला पाहिलंच नसावं. शांता आपटे याच चित्रपटात राजकन्या आहे, ती पुढच्याच वर्षी ‘कुंकू’मध्ये म्हाताऱ्या नवऱ्याला नाकारून दाखवणारी. प्रभातच्या त्या दोन वर्षांत पडद्यावरच्या बायका जितकं ‘नाही’ म्हणाल्या तितकं नंतरच्या वीस वर्षांत म्हणाल्या नसतील. हे माझं मत आहे, वाद घालायला हरकत नाही.

त्याच्याही मागं ‘माया मच्छिंद्र’, १९३२. स्त्रीराज्याची राणी किलोतला, आणि तिच्या सिंहासनाशी जिवंत चित्ता. आणि त्याच साली त्याच्या आधी ‘अयोध्येचा राजा’, मराठीतला पहिला बोलपट, हरिश्चंद्र-तारामतीची गोष्ट. प्रभात तेव्हा अजून कोल्हापुरात होती.

तेव्हाचं कोल्हापूर आणि तेव्हाचं लातूर यांच्यात केवढं अंतर होतं, हे रेल्वेच्या रुळांवरून समजतं. आम्ही निजामाच्या राज्यात. लातूरला अडीच फुटी रुळांची बार्शी लाइट रेल्वे १९११ला आलेली, पुढं तीच कुर्डुवाडी-पंढरपूरवरून मिरजेला जोडली गेलेली. त्यामुळं प्रभातच्या आवारातून निघालेला फिल्मचा डबा मिरजेत ‘बार्शी लाइट’मध्ये चढला, तर भुईमुगाच्या आणि सरकीच्या पोत्यांशेजारी बसून रखडत रखडत का होईना, लातूरला उतरू शकत होता. नांदेडचा रस्ता वेगळा: मनमाडकडून किंवा हैदराबादेकडून, मीटर गेजवर. एका मराठी बोलपटाला आमच्याकडं यायचं तर असे रूळ आणि वर एक संस्थानी सरहद्द ओलांडावी लागे. मराठी बोलणारी बाई पडद्यावर बोलतीय, ही गोष्ट उर्दू फर्मानांच्या मुलखात केवढी मोठी!

१९१३ला दादासाहेब फाळक्यांनी हरिश्चंद्राची हीच गोष्ट मुकी दाखवली तेव्हा तारामती व्हायला कुणी स्त्री तयार झाली नाही. साळुंके नावाच्या पुरुषानं लुगडं नेसलं. लगेच पुढच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमला या मायलेकींनी तो बांध फोडला. पार्वती आई, मोहिनी लेक. त्या फिरत्या नाटक कंपनीतल्या होत्या, म्हणून समाजानं ‘त्यांचं काय’ म्हणून सोडून दिलं. १९३२ची तारामती मात्र लाडांच्या घरची, खोट्यांची सून, सेंट झेवियर्सला शिकलेली. तिला ‘त्यांचं काय’ म्हणून बाजूला सारता येईना. तिनं गाणंही स्वतःच म्हटलं, कारण पार्श्वगायन यायचं होतं; वाद्यं तिथंच, कॅमेऱ्याच्या नजरेआड. समोर गोविंदराव टेंबे, संगीत नाटकाचा मुरलेला माणूस, आणि ही रंगमंचाचा अनुभव नसलेली. मराठी आणि हिंदी अशा दोन्ही आवृत्त्या. एकच दुःख दोन भाषांत रडायचं, आणि दुसऱ्यांदा रडताना पहिलं विसरायचं.

आणि अगदी पहिलं पान: १९३१, ‘फरेबी जाल’. सासरची सांपत्तिक स्थिती ढासळलेली, पदरी बकुल आणि हरिन ही दोन मुलं. त्या शिकवण्या करत होत्या. दिग्दर्शक भवनानींच्या या चित्रपटात छोटं काम मिळालं, ते पैशासाठी घेतलं. चित्रपट सुमार निघाला, आणि ‘अशा घरची बाई’ म्हणून गावभर बोभाटा झाला. इतकी छीथू झाल्यावर कुणीही घरी बसलं असतं. त्यांनी त्यानंतर शांतारामांची तारामती घेतली.

शिकवण्या, पैशाची ओढ, लोकांचं बोलणं, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा काम. आत्यानं हप्तेवही बाजूला ठेवून ते पुस्तक का पुरं केलं हे मला इथं, पहिल्या पानावर, कळलं. दुर्गाबाईंच्या अंगी कला होती याविषयी वाद नाही. पण नटी, गायिका, निर्माती, रंगकर्मी, माहितीपटवाली, मालिकावाली, लेखिका या सगळ्या दुर्गाबाई प्रतिभेच्या उधाणानं जन्माला आल्या असं जे गौरवपर लेखांत सांगतात, ते मला खरं वाटत नाही. एक काम संपत आलं की दुसरं उभं करायचं, आणि कुठल्याही एका मालकाच्या हाती आपली चूल द्यायची नाही, या व्यवहारातून त्या घडल्या. पद्मश्री १९६८ला आली, दादासाहेब फाळके पुरस्कार १९८३चा. २२ सप्टेंबर १९९१ला त्या गेल्या.

‘अयोध्येचा राजा’ आणि ‘अमर ज्योती’ हे दोन्ही आज मोबाइलवरसुद्धा सापडतात. नांदेड-लातूरच्या महाविद्यालयांत सिनेमा दाखवणारी जी मंडळी आहेत त्यांना माझं एवढंच सांगणं: पोरींना ‘बॉबी’ नंतर दाखवा, आधी सौदामिनी दाखवा.